मुंगीच्या चिठ्ठ्या

३ जुलै

तीर्थस्वरूप मामांस,

सा. न. वि. वि. साष्टांग मनातल्या मनात घातला आहे, कारण शिक्षकांच्या खोलीत आडवं पडायला जागा नाही.

फोन न करता पत्र का, असं मामी विचारतील. त्यांना सांगा, गेल्या रविवारी मी ओरडून ओरडून म्हणत होते की मला तिसरी मिळाली, आणि तुम्ही तेवढ्याच जोरात विचारत होतात की तिसरा मजला कशाला घेतलास, पाणी चढत नाही. कानाचं यंत्र खणात ठेवून ऐकू येत नसतं, मामा. ते कानात घालावं लागतं. तोवर मी लिहीन आणि तुम्ही वाचाल.

तर मला तिसरीचा वर्ग मिळाला आहे. एकतीस मुलं, एक खिडकी, आणि फळ्याच्या डाव्या कोपऱ्यात कायमचा तेलकट डाग, त्यावर खडू उमटत नाही. मुलं छान आहेत. पण काम निघालंय ते वेगळंच. आमच्या मोठ्या बाई, म्हणजे मुख्याध्यापिका, म्हणतात की शुक्रवारचा जोडलेखनाचा तास बंद करू या. हात न उचलता जोडून लिहायचं ते अक्षर आता कोण लिहितं? सहीपुरतं आलं की झालं. त्या तासाला मुलांना टायपिंग शिकवू या, बारा संगणक आलेत, ते खोक्यात पडून आहेत. ऑगस्टअखेर प्रत्येक वर्गशिक्षकाने आपलं मत लेखी द्यायचं आहे.

मला धड काही सुचत नाही. मला स्वतःला ते अक्षर आवडतं, तुम्हाला माहीतच आहे. पण शुक्रवारी वर्गात बघावं तर निम्मी मुलं जीभ बाहेर काढून वहीवर वाकलेली, पेन्सिलींची टोकं मोडतायत, एकजण तर खोडून खोडून कागदाला भोक पाडून त्यातून शेजारच्याकडे बघत होता. त्यांना छळायचं का, असंही वाटतं.

तुम्ही चाळीस वर्षं दवाखान्याच्या औषधांच्या खिडकीत बसून लोकांची अक्षरं वाचलीत. तुमचं मत काय? सविस्तर लिहा, आणि कृपा करून वाचता येईल असं लिहा.

मामींना नमस्कार. लोभ आहेच, तो खणात ठेवू नये ही विनंती.

तुमची,
ठेंगू


८ जुलै

चि. ठेंगूस,

अ. उ. आ. उंचीचा सोडून बाकी सगळे लागू पडोत.

तुझं पत्र मामीने आधी वाचलं, मग मला दिलं, आणि मी वाचत असताना पुढे काय आहे ते सांगत राहिली. कानाचं यंत्र घालत नाही त्याचं हे एक कारण समज.

मत विचारतेस तर ऐक. बंद करा. आजच करा. मी चाळीस वर्षं ज्याच्या नावाने कपाळ बडवलं ते हेच जोडून लिहायचं अक्षर. आमच्या डॉक्टरांपैकी एकाचं अक्षर म्हणजे पावसात सापडलेल्या कोंबडीची धावपळ. दुसरे एक होते, फार सज्जन, ते पहिलं अक्षर काढायचे आणि पुढे सरळ रेघ ओढायचे. बाकीचं आपण समजून घ्यायचं. त्यांच्या बायकोने एकदा त्यांनीच लिहिलेली बाजाराची यादी माझ्या खिडकीत आणून दिली होती. मी वाचून दाखवली. साबण होता, दोरी होती आणि शेवटी, लवकर ये, असं होतं.

हे हसण्यावारी झालं. पण एकदा माझ्या हाताखालच्या नव्या मदतनिसाने रक्तदाबाच्या औषधाऐवजी झोपेचं औषध दिलं. दोन्ही नावांत एका वळणाचा फरक. म्हातारे गृहस्थ बाटली घेऊन निघून गेले. मी चिठ्ठी खिळ्याला लावताना पुन्हा पाहिली आणि चूक दिसली. पांढऱ्या कोटात, चप्पल हातात घेऊन बसथांब्यापर्यंत धावलो. ते बसच्या पायरीवर होते. बाटली हिसकावून घेतली तर त्यांना मी वेडा वाटलो. त्या दिवशी संध्याकाळी घरी येऊन जेवलो नाही. विचार मामीला.

सुटं, स्वच्छ अक्षर हवं. नाहीतर यंत्रावर बडवा. छापलेल्या चिठ्ठ्या यायला लागल्या आणि माझी नोकरी सोपी झाली. सोपी झाली आणि मग संपली, हा भाग वेगळा.

हल्ली सकाळी नळ दुरुस्त करतो. दुपारी मामी म्हणते तो आधी बिघडलेला नव्हता.

तुझ्या खुशालीची वाट पाहणारा,
मामा


१९ जुलै

तीर्थस्वरूप मामांस,

सा. न. वि. वि. या वेळी खरोखर वाकले, खडू पडला होता.

तुमचं पत्र वाचून मी मत लिहायला घेतलं होतं. 'जोडलेखनाचा तास बंद करण्यास माझी हरकत नाही' इथपर्यंत आले आणि मुंगी आडवी आली.

मुंगी म्हणजे माझ्या वर्गातली एक मुलगी. अक्षर इतकं बारीक काढते की वहीवर मुंग्यांची रांग चालल्यासारखी दिसते, म्हणून मी मनात तिला हे नाव दिलं. तास बंद होणार अशी कुणकुण मुलांना लागली आहे. सगळ्यांनी बाकं वाजवली. ही मात्र शाळा सुटल्यावर दप्तर पोटाशी धरून उभी राहिली आणि म्हणाली की बाई, बंद करायच्या आधी मला सगळं शिकवून टाका, लवकर. मी विचारलं, कशाला गं? तर म्हणाली, आईची पत्रं वाचायची आहेत.

तिची आई एका बेटावरच्या हवामान केंद्रात स्वयंपाकी आहे. दीड वर्ष झालं. तिथे फोन रविवारी तीन मिनिटं, तोही भिंतीवरचा, मागे दहाजण रांगेत उभे. त्यात सगळं बरं आहे ना, हो बरं आहे, एवढंच होतं. म्हणून आई पत्रं पाठवते, आठवड्याच्या बोटीने. ती जोडून लिहिते. मुंगीला अजून सुटीच अक्षरं वाचता येतात, म्हणून पत्र वडील वाचून दाखवतात. वडील इमारतींच्या लिफ्ट दुरुस्त करतात.

आता खरी गोष्ट ऐका. मुंगी म्हणाली, पत्र चार पानांचं असतं, आणि बाबांचं वाचून एका श्वासात होतं. जेवण नीट कर, वेळेवर झोप, बाबांना त्रास देऊ नकोस. दर वेळी तेच. तिने विचारलं की आई एवढी चार पानं हेच लिहिते का, तर वडील म्हणाले, आईचं अक्षर मोठं आहे. बाई, ते मोठं नाही, मी बघितलंय, असं म्हणून तिने दप्तरातून पाकीट काढलं आणि माझ्यापुढे धरलं. तुम्ही वाचून दाखवा म्हणाली.

माझा हात पुढे गेला होता, मामा. मग मागे घेतला. दुसऱ्यांच्या घरातलं पत्र, नवराबायकोचं. वडील काही लपवत असतील तर त्याला कारण असेल. पण तिने पाकीट खाली घेतलं नाही. मी तिला उद्यावर ढकललं, आज तीन दिवस झाले.

वाचू का नको, ते लवकर कळवा.

तुमच्या उत्तराकडे डोळे लावून बसलेली,
ठेंगू


२४ जुलै

चि. ठेंगूस अ. उ. आ.

वाचू नकोस.

मी चाळीस वर्षं लोकांच्या चिठ्ठ्या वाचल्या. कोणाला काय झालंय हे अख्ख्या गल्लीच्या आधी मला कळायचं. समोर शेजारीण उभी असली तरी तिच्याकडे बघून मी फक्त दिवसातून दोनदा, जेवणानंतर, एवढंच बोललो. ज्याची चिठ्ठी त्याचीच. तू मास्तरीण आहेस, त्या घरातली कोणी नाहीस.

पण पोरीला शिकव. ते पत्र तिच्या आईने लिहिलंय, तिला ते वाचायचा हक्क आहे, आणि तिला वाचायला शिकवायचा तुला पगार मिळतो. यात कुठे चोरी नाही.

आता कसं शिकवायचं ते सांगतो. कित्ते गिरवून घेत बसू नकोस, त्याला वर्ष लागेल. तिला लिहायचं नाहीये, वाचायचंय. ही दोन वेगळी कामं आहेत, हे मला इतकी वर्षं खिडकीत बसून कळलं, पण कोणी विचारलं नाही म्हणून सांगितलं नाही. मला स्वतःला ते अक्षर धड काढता येत नाही, तू जाणतेस. पण कोणाचंही वाचतो.

पहिलं, पानावर जो शब्द नक्की ओळखता येतो तो शोधायचा. तिचं स्वतःचं नाव असेलच. त्यातली अक्षरं त्या हाताने कशी काढली ती बघायची आणि तीच बाकी पानावर हुडकायची. प्रत्येक हाताच्या चार-दोन खोडी असतात, त्या कळल्या की तो हात आपला झाला. दुसरं, अडलेल्या शब्दावरून बोट फिरवायचं, लिहिणाऱ्याने फिरवलं तसं. डोळ्यांना जे कळत नाही ते बोटाला कळतं. तिसरं, तरी अडलं तर तो एकच शब्द वेगळ्या चिठ्ठीवर जसाच्या तसा उतरवून तुझ्याकडे आणायचा. एक शब्द म्हणजे काही पत्र नव्हे. तेवढा तू वाचलास तर माझी हरकत नाही.

मामी म्हणते, तुला दवाखान्यातून काढलं तेव्हाही तू एवढं बोलला नव्हतास. काढलं नाही, निवृत्त झालो, हे तिला पुन्हा सांगितलं.

तुझा,
मामा


६ ऑगस्ट

तीर्थस्वरूप मामांस,

सा. न. वि. वि.

तुमची पद्धत लागू पडली. मुंगी रोज मधल्या सुट्टीत माझ्या टेबलाशी येते. पहिल्या दोन दिवसांत तिने आपलं नाव पाच ठिकाणी शोधलं. तिची आई शब्दाच्या शेवटी शेपूट वर वळवते, आणि दोन कुबडांच्या अक्षराला घाईत एकच कुबड देते. या दोन खोडी मुंगीनेच हुडकल्या आणि मला शिकवल्या. वर्गातली आणखी सहाजणं आता उगाच भोवती जमतात. एकाने घरून आजोबांची जुनी वही आणली आहे, त्यात कोंबड्यांच्या औषधांची माहिती आहे, आणि ती वाचायला पोरं अशी भांडतात की विचारू नका. हीच पोरं शुक्रवारी रडायची.

पत्र ती मला दाखवत नाही, मीही मागत नाही. फक्त चिठ्ठ्या येतात. मी शब्द सांगते आणि ती पळते. पण मामा, शब्द कानाआड करता येत नाहीत. पहिल्या आठवड्यात आले ते वादळ, दूरदर्शक, कांदे, आणि मोजे. मी निर्धास्त होते. मग या आठवड्यात बोटीने नवं पत्र आलं आणि त्यातून 'बेकरी' आला. 'सही' आला. काल 'महिनाअखेर'. आज 'रागावलास' आला, आणि तो मी तिला सांगितला तेव्हा तिने विचारलं की बाई, आई बाबांना हे का विचारते, बाबा कुठे रागावलेत?

मला वाटतं वडील काही लपवत नाहीयेत. मला वाटतं त्यांना ते वाचताच येत नाही.

आणखी एक शब्द आहे, तो माझ्याच्याने लागला नाही. मुंगीने पातळ कागद ठेवून छापून घेतलाय. सोबत पाठवते. दोन दिवस उलटासुलटा धरून बघितला. 'तिरस्कार' वाटतो, आणि तो नसावा असं मनापासून वाटतं. मी तिला काही सांगितलेलं नाही.

जरा पाहता का?

आपली,
ठेंगू


९ ऑगस्ट

चि. ठेंगूस आशीर्वाद. उभ्याउभ्या लिहितोय, मामी टपालपेटीकडे न्यायला दारात थांबली आहे.

'तिसऱ्यांदा' असा शब्द आहे. शंभर टक्के. तिरस्कार नाही, काळजी करू नकोस. मधे पेन दाबलं गेलंय आणि शेपूट वर वळायची ती खाली पडली आहे. हे अक्षर चिडलेलं नाही, दमलेलं आहे.

आता तुझे सगळे शब्द एका ओळीत लावून बघ. ती बाई काहीतरी तिसऱ्यांदा विचारते आहे, महिनाअखेर कुठेतरी सही करायची आहे, आणि तिला उत्तर मिळालेलं नाही. ती समजते नवरा रागावला. त्या गृहस्थांना गाठ. पण वर्गात नको, चारचौघांत नको, आणि तुम्हाला वाचता येत नाही हे वाक्य तुझ्या तोंडून नको. ते त्यांचं त्यांना म्हणू दे.

वेळ घालवू नकोस.

मामा


१८ ऑगस्ट

तीर्थस्वरूप मामांस,

सा. न. वि. वि. बसून घ्या, हे पत्र लांब आहे.

तुमचं पत्र मंगळवारी मिळालं. मी मुंगीला तो शब्द सांगितला आणि वडिलांना भेटायला बोलावणार म्हटलं. तिने काही वाट पाहिली नाही. त्याच संध्याकाळी जेवणं झाल्यावर तिने पत्र काढलं आणि चारही पानं वडिलांना मोठ्याने वाचून दाखवली. कुठेही न अडखळता, असं ती म्हणाली.

बुधवारी सकाळी वडील शाळेत हजर. कामाच्या कपड्यांत, कमरेला अवजारांचा पट्टा, तावातावाने. सरळ मोठ्या बाईंच्या खोलीत गेले आणि म्हणाले की माझ्या घरात काय चाललंय ते बघायला मी शाळेला सांगितलं होतं का? आठ वर्षांच्या पोरीला कोणी शिकवलं आईबापांची पत्रं वाचायला? मला बोलावणं आलं. मोठ्या बाईंनी माझ्याकडे असं पाहिलं की मला वाटलं, आता लेखी मत द्यायचीही वेळ येणार नाही, राजीनामाच द्यावा लागेल. मी म्हटलं, मी पत्र वाचलेलं नाही. मी तिला वाचायला शिकवलं. तेवढंच केलं आणि त्याबद्दल मला वाईट वाटत नाही.

मोठ्या बाई कमाल आहेत. घंटा झाली म्हणून त्या प्रार्थनेला गेल्या आणि जाताना दार ओढून घेतलं. त्या खोलीत आम्ही दोघं. ते मुलांसाठी ठेवलेल्या बुटक्या खुर्चीवर बसले, गुडघे पार छातीशी. आणि त्यांनी सांगितलं.

ते दहा वर्षांचे असताना शाळा सुटली. सुटी छापील अक्षरं येतात, लिफ्टच्या पुस्तिका वाचून वाचून पक्की झाली. हे जोडलेलं कधी शिकलेच नाहीत. लग्नानंतर दोघं एकाच घरात, कोण कोणाला पत्र लिहितो? बायकोला कधी कळलंच नाही. पहिलं पत्र आलं तेव्हा मुंगी समोर डोळे मोठे करून उभी. त्यांना पानभर नुसती गुंतवळ दिसली. तोंडाला येईल ते बोलून गेले. पोरगी हसली. मग दुसरं आलं. एकदा वाचलंय म्हटल्यावर येत नाही असं म्हणायचं कसं? सगळी पत्रं त्यांनी अवजारांच्या पेटीत वरच्या कप्प्यात, तेल लागणार नाही अशी ठेवली आहेत. बत्तीस आहेत. कोणाकडून वाचून घ्यावीत असं शंभरदा वाटलं, म्हणाले, पण कोणाकडे जाणार? माझ्या बायकोने मला काय लिहिलंय ते मी परक्याच्या तोंडून ऐकू?

आणि पत्रात होतं हे. ती पूर्वी जिथे काम करायची त्या बेकरीने तिला भट्टीची मुख्य म्हणून परत बोलावलं आहे. पगार केंद्रापेक्षा कमी. केंद्र आणखी दोन वर्षांचा करार पुढे करतंय, महिनाअखेर सही. तिने तीन पत्रांत विचारलं की येऊ का राहू? फोनवर दहाजणांपुढे हे बोलवत नाही, तू लिहून कळव. उत्तर नाही. शेवटी तिने लिहिलं की तुझं गप्प बसणं मी समजले, तुमचं माझ्यावाचून बरं चाललंय, मी सही करते.

हे सांगताना ते खाली बघत पट्ट्याचं बक्कल उघडबंद करत होते. मी विचारलं, तुम्हाला काय वाटतं, तिने यावं का? ते म्हणाले, रोज संध्याकाळी जिना चढताना वाटतं.

बोट सोमवारीच गेली होती. पत्र पोचायला दहा दिवस. राहिला रविवारचा फोन. काल तो झाला. मुंगीने आज वर्गात सगळ्यांना सांगितलं, त्यामुळे आता गुपित राहिलेलं नाही. बाबांनी फोन घेतला, आई म्हणाली सगळं बरं आहे ना, आणि बाबा म्हणाले, नाही. मला तुझं अक्षर वाचता येत नव्हतं, एकही पत्र वाचता आलं नाही, मंगळवारी पोरीने वाचून दाखवलं. तू ये. आईने सांगितलं की सही तिने शुक्रवारीच केली आहे. कागद टपालाच्या पिशवीत पडलाय. तेवढ्यात तीन मिनिटं संपली.

अजून पुढचं काही कळलेलं नाही. मोठ्या बाईंनी मला बोलावून एकच विचारलं, या वाचनाच्या पद्धती कोणाच्या? मी तुमचं सांगितलं. त्यांनी तुम्हाला शाळेत बोलावलं आहे. आठवड्यातून एक तास, मुलांना वेगवेगळे हात वाचायला शिकवायचे. येण्याजाण्याचा खर्च आणि चहा शाळेचा. नाही म्हणू नका.

आपली,
ठेंगू


२४ ऑगस्ट

चि. ठेंगूस अ. उ. आ.

तुझं पत्र दोनदा वाचलं, आणि मामीला स्वतःहून वाचून दाखवलं. 'नाही' या शब्दाशी ती रडली. मीही चष्मा पुसला, काचेवर धूळ होती.

पहिल्या पत्रात मी बंद करा म्हणालो होतो. ते मागे घेतो. सगळं नाही, अर्धं. तुझ्या मतात असं लिही की लिहायची सक्ती नको, ज्याला आवडेल तो लिहील. पण वाचता प्रत्येकाला आलं पाहिजे. जोवर जगात एकही माणूस जोडून लिहितोय, तोवर त्याचं पत्र कोणाला तरी आलेलंच आहे. नाहीतर घरात आलेलं पत्र घरच्यांनाच परकं होतं.

शाळेत यायचं मात्र जमणार नाही. मला कमी ऐकू येतं, पोरं हसतील. मी आयुष्यभर काचेच्या खिडकीमागे बसलो, मधे ती काच होती ते बरं होतं. शिवाय इथे नळाचं काम चालू आहे.

तुझा,
मामा

ता. क. हे मी, मामी, लिहिते आहे. नळ उत्तम आहे. मामाने सकाळपासून माळ्यावरून जुन्या चिठ्ठ्यांची तीन खोकी खाली उतरवली आहेत, त्यातली नावं कात्रीने कापून टाकतो आहे, आणि आरशासमोर उभा राहून 'मुलांनो' म्हणतो आहे. कानात यंत्र घातलंय. गुरुवारच्या गाडीने पाठवते.


२६ सप्टेंबर

चि. ठेंगूस अ. उ. आ.

सुखरूप पोचलो. हा पाचवा गुरुवार झाला आणि मी म्हणालो होतो तसं पोरं हसतातच, पण डॉक्टरांना हसतात. कोंबडीवाल्या डॉक्टरांची चिठ्ठी तुझ्या त्या भोकवाल्या मुलाने सर्वांच्या आधी वाचली. मला ती वाचायला पहिल्या वर्षी एक आठवडा लागला होता. हे मी त्याला सांगितलं नाही, आधीच त्याचा भाव वाढलाय.

तुझं मत मोठ्या बाईंनी मान्य केलं, वाचून बरं वाटलं. खोक्यातले संगणक निघाले तेही योग्यच. पोरांना दोन्ही यावं.

मुंगीच्या वडिलांबद्दल लिहायचं राहिलं. तेही दर गुरुवारी तासाला येतात. मागच्या बाकावर बसतात, हात धुऊन येतात, आणि एकही शब्द चुकला तर पुन्हा पहिल्यापासून सुरू करतात. माणूस लिफ्टवाला खरा. काल तास संपल्यावर माझ्याकडे आले आणि म्हणाले, मास्तर, वाचायला जमतंय, आता एक पत्र लिहायला शिकवाल का, तिच्यासारखंच जोडून. मला मास्तर म्हणाले. मी म्हटलं, माझं अक्षर भयंकर आहे, बाईंकडून शिका. तर म्हणाले, नको, बाईंचं फार सुंदर आहे, मला पेलणार नाही. मग आम्ही दोघं बसलो. चार ओळींना दीड तास लागला. मी मान दुसरीकडे वळवली होती, फक्त एकेक शब्द ते विचारतील तेवढा सांगितला. काय लिहिलं ते मला ठाऊक नाही. पाकिटावर तिकीट मात्र मी चिकटवलं.

बेटावरून काही कळलं का? तेवढं ताबडतोब कळव.

तुझा,
मामा


१८ ऑक्टोबर

तीर्थस्वरूप मामांस,

सा. न. वि. वि. मामींना आधी सांगा, मग तुम्ही वाचा, कारण त्या तसंही सांगणारच आहेत. मुंगीची आई घरी आली. या गुरुवारी तुमची गाडी चुकली, नाहीतर तासालाच कळलं असतं.

त्या रविवारी फोन तुटल्यावर ती तशीच स्वयंपाकघरातून टपालखोलीत गेली होती. पिशवीला मोहर लागलेली. केंद्रप्रमुख म्हणाले, मोहर लागली की उघडत नाही, नियम आहे. ती म्हणाली, ठीक आहे, मग मी इथेच बसते, आज जेवण नाही. एकोणीस माणसांचं केंद्र. एक वाजेपर्यंत त्यांनी दम काढला. मग मोहर तोडली. हे तिने लिहिलेलं पत्र बापलेकीने मिळून वाचलं, अडीच पानं वडिलांनी आणि दीड मुंगीने. मला मात्र बदली स्वयंपाकी मिळेपर्यंत काही खरं नाही म्हणून कोणाला सांगू नका, असं मुंगीने बजावलं होतं, आणि मी तुमचीच भाची, गप्प बसले.

मंगळवारी ती शाळेत आली. उंच, उन्हाने रापलेली, दंडावर भट्टीचा जुना डाग. मुंगी तिच्या कोपराला धरून उभी होती, जणू सोडलं तर उडून जाईल. तिने माझे आभार मानले, पण त्याआधी बराच वेळ वर्गातल्या बाकांकडे बघत राहिली आणि विचारलं, तो कुठे बसतो? मी शेवटचं बाक दाखवलं. ती जाऊन तिथे बसली. मग म्हणाली, सात वर्षं एका ताटात जेवलो आणि मला हे दिसलं नाही हो बाई. मी म्हटलं, त्यांनी दिसू दिलं नाही. त्यावर ती हसली आणि उठली. सोमवारपासून बेकरीत जाते. पहाटेचं काम, दुपारी घरी.

आता तुम्ही तिकीट लावलेल्या पत्राचं. ते बेटावर पोचलं त्याच दिवशी त्याच बोटीने ती निघाली. दोघांची चुकामूक. केंद्राने ते परत घरच्या पत्त्यावर पाठवलं आणि काल आलं. वडील दारात होते, त्यांनी पाकीट ओळखलं आणि मागे लपवायला गेले, आता ती समोरच आहे, आता कशाला. तिने हातातून काढून घेतलं. खिडकीशी उभी राहून वाचलं. पुन्हा वाचलं. वडील तोवर जिन्याखाली जाऊन कोणाची तरी चांगली चाललेली लिफ्ट तपासत बसले.

हे सगळं मला मुंगीने आज मधल्या सुट्टीत सांगितलं, आणि ती भयंकर रागावलेली आहे. आईने ते पत्र तिला दाखवलं नाही. अवजारांच्या पेटीतल्या बत्तीस पत्रांना बाबांनी काल संध्याकाळी कुलूप लावलं. मुंगी म्हणते, बाई, मला येत नव्हतं तेव्हा पत्रांची पेटी उघडीच असायची, आणि आता मला येतंय तर दोघं मिळून लपवतात. असं कुठे असतं का? मी तिला जवळ घेतलं आणि माझं हसू तिच्या वेण्यांआड दडवलं.

गुरुवारी या. ती तुमच्याकडे तक्रार घेऊन येणार आहे.

तोवर माया जशी आहे तशीच, यंत्र कानात आणि पेन हातात असू द्या.

तुमची,
ठेंगू